राखेला विटाळ नाही

चिंचवडच्या गावठाणात आमचं घर होतं. पुढं ओटी, मग माजघर, त्यामागं स्वयंपाकघर आणि शेवटी पडवी नि परस. एवढ्याशा घरात शहाणपण मात्र मावत नव्हतं. सासूबाई शास्त्रात शहाण्या आणि नवरा इंग्रजीत शहाणा. पिंपरीला तेव्हा नवे कारखाने येत होते, त्यातल्या एकात तो स्टोअरमध्ये कारकून होता. सायकलवरून जायचा, सायकलवरून यायचा आणि आल्यावर ओटीवर असा बसायचा की कारखाना जणू यानंच खांद्यावर उचलून धरलाय. तोंडावर मी त्याला ‘अहो’ म्हणत असे. मनात अरे-तुरेच चालायचं. आता या वयात लिहायला बसले आहे तर मनातलंच लिहिते.

त्या घरात मूर्ख एकटी मी. कारण माझे वडील मलेरियाच्या खात्यात पंपवाले होते. चाकण, निघोजे, तिकडच्या गावागावांतून खांद्यावर पंप घेऊन घरांच्या भिंतींवर डीडीटी मारत फिरायचे. पत्रिका उत्तम जुळली म्हणून सासूबाईंनी मला पदरात घेतलं, पण शेजारणींना सांगताना ‘हिचे वडील सरकारी नोकरीत आहेत’ आणि घरात मात्र ‘पंपवाल्याची’. माझे वडील बारा-बारा मैल पायी चालायचे, त्यांच्यामुळं गावंच्या गावं हिवतापातून उठली, आणि यांना त्यांची लाज वाटायची. वाटो. मला यांची वाटायची, फिटंफाट.

हे सगळं घडलं त्या वर्षी माझी मुलगी आठ महिन्यांची होती. बाळंतपणानंतर मला विषमज्वर झाला आणि अंगावरचं दूध आटलं. पोर वरच्या दुधावर होती. दूध पाजायचं ते बोंडल्यानं. आता बोंडलं कुणी बघितलेलं नसेल म्हणून सांगते: वाटीएवढं पितळेचं भांडं, आतून कल्हई केलेलं आणि एका बाजूला बोटाएवढी अरुंद चोच. ती चोच पोराच्या तोंडाला लावायची नि हळूहळू दूध सोडायचं. याच बोंडल्यानं माझ्या नवऱ्याला लहानपणी पाजलं होतं. त्या गोष्टीचा सासूबाईंना फार अभिमान. माझा नवरा त्यातून पिऊन केवढा झाला होता ते मला रोजच दिसत होतं.

दिवाळीच्या सुमारास पुण्याहून सासूबाईंची एक चुलतबहीण आली आणि तिच्या लाडवाच्या ताटलीत झुरळ चढलं. झालं. सासूबाईंची अब्रू गेली. नवऱ्यानं छाती पुढं काढली आणि म्हणाला, "आई, तू काळजी करू नकोस. कंपनीतून औषध आणतो. एका दिवसात घर साफ." पुढच्या शनिवारी तो एक हातपंप आणि पिशवीभर डीडीटीची भुकटी घेऊन आला. भुकटी पांढरी, मऊ, अगदी तांदळाच्या पिठासारखी. पिशवीवर काय छापलं होतं ते त्यानं आम्हाला उभं राहून वाचून दाखवलं, आधी इंग्रजीत आणि मग आमच्यासारख्या अडाण्यांसाठी मराठीत. खाण्याचे पदार्थ आणि भांडी दूर ठेवावीत.

त्याच दिवशी मला कावळा शिवला होता. चार दिवस मी पडवीत, घोंगडीवर. कशाला हात लावायचा नाही, कुणाला शिवायचं नाही, ताट लांबून सरकवलं जायचं. पोर माझ्याकडं द्यायची तरी तिचं झबलं काढून, कारण नागड्या पोराला विटाळ नसतो असं शास्त्र. शास्त्राला पळवाटा बऱ्या सापडतात. पडवीतून मला स्वयंपाकघराचं दार, मोरी आणि मोरीचा कोपरा सरळ दिसायचा. बाईनं चार दिवस काही करायचं नाही असं ठरवलं की ती बघण्याचं काम फार नीट करते.

त्या मोरीच्या कोपऱ्यात राखेचं घमेलं असायचं. गोवऱ्यांची राख, सासूबाई स्वतः फडक्यातून चाळून ठेवायच्या. आमच्या राखेसारखी राख गावात कुणाकडं नाही असं त्यांचं म्हणणं. लोकं जमिनीचा तोरा मिरवतात, सोन्याचा मिरवतात. ही बाई राखेचा मिरवायची.

रविवारी सकाळपासून भांडी बाहेर काढणं चाललं. हंडे, घागरी, पराती, तपेली, बोंडलं, सगळं सगळं परसात वडाच्या पत्रावळींवर मांडलं. देवांवर रेशमी वस्त्र टाकलं. लोणच्याच्या बरण्या शेजारी नेऊन ठेवल्या. पिठाचे डबे गेले, पाण्याची पिंपं रिकामी झाली. सासूबाई मोजून मोजून सांगत होत्या आणि नवरा पिशवीवरचं वाचून वाचून सांगत होता. राखेच्या घमेल्याकडं दोघांपैकी कुणी ढुंकूनही बघितलं नाही.

मी पडवीतून म्हटलं, "अहो, ती राख पण बाहेर काढा."

"राख कशाला?" नवरा हसला. "ती काय खायची आहे का?"

आता याला काय सांगायचं. वडील नेहमी सांगायचे की गावातल्या बायका सगळं झाकतात आणि ज्यानं भांडी घासायची तेच उघडं टाकतात. पंप घेऊन घरात शिरले की ते आधी चुलीपाशी जायचे आणि राखेची पाटी स्वतःच्या हातानं बाहेर नेऊन ठेवायचे. औषध भांड्यावर पडलंच तर आधी कोरड्या फडक्यानं पुसून ते फडकं लांब पुरायचं, मग उकळतं पाणी आणि धुण्याचा सोडा, नंतर साबण, आणि शेवटी हात न राखता भरपूर पाणी. मातीचं भांडं असेल तर सरळ फोडून टाकायचं, कारण मातीत औषध मुरतं ते निघत नाही. मी लहान असल्यापासून हे ऐकत आले होते. म्हटलं, "बाबा सांगायचे की राखेत..." तर आतून सासूबाई म्हणाल्या, "तुझ्या बाबांना म्हणावं डास मारा. आमच्या घरात कंपनीचं औषध आहे."

औषध तेच होतं. पण पंपवाल्याच्या हातातलं वेगळं आणि कारकुनाच्या हातातलं वेगळं.

नवऱ्यानं नाकाला रुमाल बांधला आणि भिंती फवारल्या. फवारताना अंगावर जेवढं उडालं तेवढं भिंतीवर उडालं नसेल. सगळं झाल्यावर पिशवीत भुकटी उरली. फुकट आणलेली वस्तू परत कोण नेतो? मोरीचा कोपरा म्हणजे झुरळांचं माहेर. त्यानं मूठ मूठ भुकटी घेऊन त्या कोपऱ्यात भुरभुरली. भिंतीच्या कडेला टाकली, मोरीच्या दगडाभोवती टाकली, आणि घमेल्यामागं झुरळं दडतात म्हणून घमेल्यावरूनच पलीकडं दोन मुठी फेकल्या. निम्मी घमेल्यात पडली. मी पडवीतून बघत होते. ओरडून सांगितलं तर म्हणाला, "तू गप्प बैस गं. तुला वासानं भ्रम होतोय."

उंटावरचा शहाणा म्हणतात तो हाच.

दिवसभर घर बंद ठेवलं. सोमवारी पहाटे नवरा सायकलवर बसून कामाला गेला आणि इकडं सासूबाईंनी फर्मान काढलं की भांडी रात्रभर उघड्यावर होती, कावळ्यांनी शिवली असतील, कुत्री हुंगून गेली असतील, तेव्हा सगळी घासून मगच आत घ्यायची. बघा आता. जी भांडी स्वच्छ होती, औषधापासून कोसभर लांब ठेवलेली होती, ती आता स्वच्छ करायची होती.

आमच्याकडं भांडी घासायला गावातल्याच एका शेतकऱ्याच्या घरातली बाई यायची. तिनं मोरीतलं घमेलं उचलून परसात आणलं, नारळाची शेंडी घेतली आणि सुरुवात केली. सासूबाई सोवळं नेसून दारात उभ्या. राखेकडं बघून त्यांचा चेहरा खुलला.

"बघ," त्या म्हणाल्या, "चाळलेली राख कशी असते ते. पांढरी शुभ्र आहे."

"व्हय बाई," ती म्हणाली. "आज लई सफेद हाय. भांडी कशी लखलखत्यात."

मी पडवीच्या कडेला येऊन त्या बाईला म्हटलं की अगं, थांब, त्या राखेत औषध आहे, काल यांनी मुठीनं टाकलंय. ती थांबली. हातातली परात तशीच धरून म्हणाली, "मंग कशानं घासू?"

"तू घास," सासूबाई म्हणाल्या. "बाहेरची आहे ती. चार दिवस अक्कलपण बाहेरच असते तिची."

"सासूबाई, मी डोळ्यांनी बघितलंय. राख खराब झालीय."

"राखेला विटाळ नाही. राख कधी बाटत नाही. प्रत्यक्ष शंकर अंगाला फासतो."

"शंकरानं विष पण प्यायलं होतं," मी म्हटलं. "माझी पोर शंकर नाही."

त्यांनी तोंड फिरवलं. पालथ्या घड्यावर पाणी. त्या बाईनं बिचारीनं एकदा माझ्याकडं बघितलं, एकदा त्यांच्याकडं, आणि घासायला लागली. तिची तरी काय चूक? महिन्याचं धान्य त्यांच्या हातून मिळायचं. भांडं घासून झालं की सासूबाई त्यावर वरून पाणी सोडून ते सोवळ्यात घ्यायच्या. पाणी नदीवरून यायचं, त्यामुळं सोडायचं ते अभिषेकाच्या धारेइतकं. सगळ्यांत शेवटी बोंडलं. बाईनं आतून बोटानं राख फिरवली आणि चोचीत दाबून भरली, दुधाचं काही राहू नये म्हणून. चांगल्या मनानं केलं तिनं. वरून पळीभर पाणी पडलं आणि बोंडलं आत गेलं.

आत पोर रडायला लागली होती. भुकेचं रडणं आईला लांबूनही कळतं. चुलीवर दूध तापत असल्याचा वास आला. आणि मी काय करत होते, तर घोंगडीवर बसून विचार करत होते की आत जाऊ की नको. म्हणजे मूर्ख फक्त तीच माणसं नव्हती. वीस वर्षांत माझ्याही डोक्यात तेच कोंबलेलं होतं. पाय उचलेना. ती दोन-चार मिनिटं आठवली की मला अजून स्वतःचा राग येतो.

मग एकाएकी डोक्यात आलं की माझ्या बोलण्याला या घरात कवडीची किंमत नाही, पण माझ्या विटाळाला फार मोठी आहे. मी सांगितलं तर कुणी ऐकणार नाही. मी शिवले तर सगळे धावतील.

मी उठले. परसात गेले आणि आधी राखेचं घमेलं दोन्ही हातांनी उचलून उकिरड्यावर पालथं घातलं. बाई तोंडावर पदर धरून उभी राहिली. मग मी आत शिरले. फळीवर हंडे होते, त्यांना हात लावला. घागरींना लावला. पराती, तपेली, डाव, झारे, पळ्या, एकेक करून सगळ्यांना. काही सुटू नये म्हणून मांडणीच्या मागं हात घालून चाचपून शिवले. लग्न होऊन आल्यापासून त्या स्वयंपाकघरात एवढ्या अधिकारानं मी कधी फिरले नव्हते.

सासूबाई चुलीपाशी पाटावर बसल्या होत्या. पोर मांडीवर, हातात भरलेलं बोंडलं, चोच तिच्या ओठांपासून वीतभर. मी जाऊन त्यांचं मनगट धरलं. सोवळ्यातल्या बाईला, पाचव्या दिवसाच्या आधी. दूध त्यांच्या लुगड्यावर सांडलं. मी बोंडलं काढून घेतलं आणि पोर उचलली.

त्यांनी जो आरडाओरडा केला तो नदीपलीकडं ऐकू गेला असेल. मी सटवी, मी कैदाशीण, मी त्यांच्या सात पिढ्या नरकात घातल्या. घातल्या असतील. त्या पिढ्यांपैकी एकही मला ओळखीची नव्हती. कडेवरची ओळखीची होती.

पोर भुकेनं लालबुंद झालेली आणि घरातलं प्रत्येक भांडं आता निरुपयोगी. मला रडू आलं. तेव्हा ती भांडीवाली बाई परसाच्या दारातून हळूच म्हणाली, "ताई, माज्या घरनं दूध आनू का? आमी नदीच्या वाळूनं घासतो. पर आमच्यातलं चालंल का तुमाला?"

"चालेल," मी म्हटलं. "पण आधी हात साबणानं धू. दोनदा धू."

तिनं धुतले आणि पळत गेली. मग पडवीत बसून मी त्या दुधात स्वच्छ कापूस बुडवून पोरीला थेंब थेंब पाजलं. असं दूध आमच्या घराण्यात त्याआधी कुणी प्यायलं नव्हतं. पोर ते प्यायली, तिनं ढेकर दिला आणि झोपली.

नवरा चारला आला. सासूबाई ओल्या लुगड्यानं, उपाशी, ओटीवर न्यायाधीश होऊन बसल्या होत्या. त्यांनी पहिल्यापासून सगळं सांगितलं, त्यात मी घमेलं त्यांच्या अंगावर फेकल्याचंही सांगितलं. तो रागानं पांढरा पडला. पडवीत येऊन म्हणाला, "वेड लागलंय का तुला?"

मी बोंडलं त्याच्यासमोर फरशीवर ठेवलं. दूध सांडून गेलं होतं, आतलं ओलं वाळलं होतं. "चोचीत बघा," म्हटलं. "झाडूची काडी घाला आणि बघा. इंग्रजी येतं ना तुम्हाला?"

त्यानं काडी घातली. चोचीतून करड्या-पांढऱ्या चिखलाची गुठळी निघाली, हरभऱ्याएवढी. त्यानं ती चुरडली. नाकाशी नेली. कालचा दिवसभर तो वास त्याच्या नाकात होता, त्याला ओळखायला वेळ लागला नाही. त्याच्या तोंडावरचा रंग बदललेला मी बघितला. त्यानं माझ्याकडं बघितलं नाही. पोरीकडं बघितलं, झोपली होती तिकडं, आणि लगेच मान फिरवली. मला वाटलं, आता हा बोलेल. बापाचं काळीज आहे, कारकून असला म्हणून काय झालं.

ओटीवरून सासूबाईंनी विचारलं, "काय आहे रे?"

"राख आहे," तो म्हणाला. "दुसरं काय असणार."

काडी त्यानं उकिरड्यात टाकली आणि हात धुतला. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्याच्याच मुठीतून ती भुकटी पडली होती, हे आईला कळू द्यायचं नव्हतं. मग मला म्हणाला, "शुद्ध झालीस की आईच्या पायावर डोकं ठेव आणि माफी माग." मी हो म्हटलं. पाचव्या दिवशी ठेवलंही. माझं काही बिघडलं नाही, डोकं खाली ठेवल्यानं त्यातलं काही सांडत नाही.

आता विटाळलेल्या भांड्यांचं काय? सासूबाईंनी त्याच संध्याकाळी गुरुजींना विचारून आणलं. राख चालणार नाही, विटाळ मोठा आहे. भांडी उकळत्या पाण्यात बुडवायची, सोड्यानं धुवायची, चिंच-मिठानं उजळायची, वर निखारे फिरवायचे आणि सात पाणी द्यायची. मातीची तर फोडूनच टाकायची. मी पडवीतून ऐकत होते. माझे वडील जे सांगायचे ते शब्दाशब्दाला तेच, फक्त यात दक्षिणा होती. नदीवरून पाण्याच्या खेपा घालायला चौघी बाया लावल्या. बोंडलं मी त्या भांडीवालीकडून माझ्यासमोर तीनदा उकळून घेतलं, चोचीत बारीक काडीला कापूस लावून फिरवायला लावला. रात्रीपर्यंत घरातलं एकूण एक भांडं धुऊन झालं. सासूबाई समाधानानं म्हणाल्या, आता कुठं घर स्वच्छ झालं.

मंगळवारी सकाळी लवकर जाग आली. बंब पेटलेला होता. नवरा परसात आला, कामाला जायच्या आधीची त्याची वेळ. त्याच्या हातात त्याचा चहाचा पेला होता. तोच, काल सात पाणी दिलेला. लग्न झाल्यापासून या माणसानं स्वतःचा पेला दगडावर नेऊन ठेवलासुद्धा नव्हता. त्यानं आई बघत नाही ना, ते एकदा वळून पाहिलं. मी दिसत होते, पण मी कुठं खिजगणतीत होते. त्यानं बंबातून कढत पाणी काढलं, पेल्यात सोडा टाकला आणि आतून बोट फिरवून घासला. ओतून दिलं. पुन्हा तेच केलं. तिसऱ्यांदा साबण लावला, धुतला, नाकाशी नेऊन वास घेतला, उजेडाकडं धरून आत बघितलं. मग पंच्याच्या कोरड्या टोकानं पुसून तो आत गेला.

बोंडलं तिथंच बंबाशेजारच्या फळीवर पालथं होतं. त्याला त्यानं हात लावला नाही.